फळांच्या बेरजेत काय काय येतं?

केंद्रीय कृषी मंत्रालयाचे फलोत्पादनाचे अंदाज आले की मथळा बहुधा ठरलेला असतो : देशात फळांचं विक्रमी उत्पादन. आकडा खोटा नसतो. २००१-०२ मध्ये देशात सुमारे ४ कोटी ३० लाख टन फळं पिकली होती, २०२२-२३ मध्ये ती ११ कोटी टनांवर गेली. गैरसमज पुढे होतो. वीस वर्षांत आपल्या फळझाडांना अडीचपट फळं लागू लागली, असं वाटणाऱ्याने आधी विचारावं, यात केळी किती?

केळी साडेतीन कोटी टनांच्या वर, म्हणजे एकूण फळांच्या जवळजवळ एक तृतीयांश. जमीन मात्र फळपिकांखालच्या क्षेत्राच्या सातव्या हिश्शाएवढी. आंब्याचं नेमकं उलटं आहे : जमीन एक तृतीयांश, फळं पाचव्या हिश्शाएवढी. केळीचं हेक्टरी उत्पादन पस्तीस टनांच्या वर, आंब्याचं जेमतेम नऊ. रावेर-यावलकडे ग्रँड नैन या केळीच्या जातीची टिश्यूकल्चर रोपं आली, ठिबक आलं, घड वर्षभरात कापणीला येऊ लागला. अशा शेतांनी देशाची सरासरी वर ओढली. लागवडीखालची जमीनही या काळात पाऊणपटीने वाढली. आंब्याच्या झाडाचं यात फारसं कर्तृत्व नाही. शिवाय पपई आणि कलिंगड-खरबूजही याच बेरजेत येतात. कलिंगडाच्या वेलांना फळबाग म्हणायला रत्नागिरीचा बागायतदार तयार होणार नाही. सरकारी तक्ता होतो.

रत्नागिरीवरून आठवलं. आंब्याचं राज्य म्हणजे महाराष्ट्र, ही आपली लाडकी समजूत. टनांत पाहिलं तर उत्तर प्रदेश आणि आंध्र प्रदेश कितीतरी पुढे आहेत. चित्तूरकडचा तोतापुरी ट्रकांनी पल्पच्या कारखान्यात जातो, आपला हापूस पेटीत बसतो. कातळावरची जमीन, एक वर्ष भरपूर मोहोर आणि दुसऱ्या वर्षी विश्रांती हा हापूसचा स्वभाव; हेक्टरी दोन-तीन टन मिळाले तरी कोकणात ते नेहमीचंच. भाव आणि मान वेगळा, वजन वेगळं.

‘चांगला माल परदेशी जातो, आपल्याला उरलेला’ हेही मंडईत नेहमी ऐकू येतं. २०२३-२४ मध्ये ताजा आंबा निर्यात झाला सुमारे ३२ हजार टन. देशात पिकला दोन कोटी टनांच्या आसपास, म्हणजे हजारात दोन आंबेही बाहेर गेले नाहीत. द्राक्षांचं वेगळं : त्याच वर्षी साडेतीन लाख टनांच्या जवळपास, पिकाच्या साधारण दहाव्या हिश्शाएवढी. नाशिकच्या द्राक्षांबद्दल ही तक्रार थोडी तरी पटण्यासारखी आहे. आंब्याबद्दल मुळीच नाही. महाग हापूसचा राग लंडनवर काढू नये.

सगळ्यांत चिवट समज म्हणजे ‘चाळीस टक्के फळं सडून जातात’. हा आकडा भाषणांतून इतका फिरला आहे की त्याचा उगम कोणी विचारत नाही. लुधियानाच्या केंद्रीय काढणीपश्चात अभियांत्रिकी व तंत्रज्ञान संस्थेने केलेल्या देशव्यापी पाहणीत (२०१५) काढणी आणि त्यानंतरचं नुकसान पपईत ६.७ टक्के, आंब्यात ९ टक्क्यांच्या थोडं वर, तर सर्वाधिक म्हणजे पेरूत १५.८८ टक्के निघालं. २०२२ च्या पाहणीतही वरचा आकडा पंधराच्या आसपासच राहिला. नुकसान कमी आहे असं नाही. वीस लाख टन आंबा वाया जाणं ही काही किरकोळ गोष्ट नव्हे. पण चाळीस टक्के धरून शीतगृहांची संख्या ठरवली, तर औषध भलत्याच रोगावर जाईल. भाव पडला म्हणून तोडणीचा खर्चही न निघणारा माल शीतगृहाने वाचत नाही.

एका वर्षाच्या आकड्यावरून कल ठरवणंही असंच घाईचं. हापूसचं कलम किंवा संत्र्याचं झाड विक्रीजोगं पीक द्यायला पाच-सहा वर्षं घेतं. आज वाढलेलं क्षेत्र तेव्हा बाजारात दिसतं. डाळिंबाला तेल्या किंवा मर रोग लागून बाग काढावी लागली, तर घट मात्र एका हंगामात दिसते. आणि मथळा होतो तो बहुधा आगाऊ अंदाजाचा. अंतिम अंदाज नंतर येतो, कधी कमी, कधी जास्त, आणि तेव्हा तो छापायला पहिल्या पानावर जागा नसते.