पिवळा पोशाख आणि खरा अश्रुधूर

ऑगस्ट 1968. शिकागोत डेमोक्रॅटिक पक्षाचं अधिवेशन भरलेलं आणि ग्रँट पार्कात व्हिएतनाम युद्धाविरुद्ध हजारो तरुण जमलेले. समोर लाठ्या घेतलेले पोलीस, शिवाय नॅशनल गार्डचे सैनिक. या गर्दीतून पिवळ्या पोशाखातली एक बाई हरवलेल्या मुलाला शोधत चालली आहे. ही अभिनेत्री व्हर्ना ब्लूम. मुलगा हरवला तो पटकथेत. भोवतीची निदर्शनं आणि लाठीमार मात्र अस्सल!

हे दृश्य ज्यातलं आहे तो हॅस्केल वेक्सलरचा चित्रपट 'मीडियम कूल' 1969 साली आला. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण सगळं त्याचंच. त्याच्या कॅमेऱ्यानं गार्डच्या सरावातही शिरकाव केला होता. तिथे सैनिकांपैकीच काहीजण निदर्शकांची सोंगं घेऊन घोषणा देतात. रस्त्यावरच्या संघर्षाची सरकारनं आधीच रंगीत तालीम करावी, हे बघताना मी आजही चक्रावतो.

आता तो पिवळा रंग बघा. गर्दीच्या दृश्यात नजर कुठे ठरत नाही आणि खऱ्या निदर्शकांना 'जरा बाजूला व्हा' असं दिग्दर्शक सांगू शकत नाही. वेक्सलरनं ते काम एका पोशाखावर सोपवलं. पोलिसांच्या निळ्या गणवेशांत, धुळीत, धावपळीत ती बाई क्षणभर दिसेनाशी होते आणि पुन्हा चटकन सापडते.

मग अश्रुधुराची नळकांडी फुटते आणि कुणीतरी ओरडतं: हॅस्केल, सांभाळ, हे खरं आहे! अंगावर काटा येतो. पण ते वाक्य नंतर जोडलेलं आहे. त्या काळी चित्रपटाचा कॅमेरा सहसा फक्त चित्र टिपायचा. आवाज वेगळ्या यंत्रावर, वेगळ्या फितीवर. दोन्ही जुळवायला सहसा शॉटआधी फळी आपटून क्लॅप द्यायचा. डोळ्यांची आग होत असताना तो कोण देणार? वेक्सलरच्या डोळ्यांत धूर खरोखर गेला होता. त्या क्षणी ध्वनिमुद्रण मात्र चालू नव्हतं. म्हणजे 'हे खरं आहे' असं बजावणारा आवाजच तेवढा रचलेला! मला यात फसवणूक वाटत नाही. तिथे जे घडलं, तेच तो आवाज सांगतो.

हा प्रसंग एकदा आवाज बंद करून जरूर बघा. कॅमेरा कधी दचकतो, कधी मागे सरकतो, ते तेव्हा नीट कळतं.