चारशेच्या भावातला ठेचा

2024 च्या डिसेंबरात लसूण चारशे रुपये किलोवर गेला होता. किलोनं घेणाऱ्या बायका पावशेरावर आल्या होत्या. त्याच दिवसांत कळंबजवळ, मांजरेच्या काठच्या एका मळ्यात ओला लसूण पातीसकट उपटून ठेचा करतात, असं कानावर आलं. या भावात, गड्डा पोसायच्या आधीच लसूण कोण उपटतं, हे बघायला मी गेले.

काळ्या रानात ज्वारी निसवली होती, हरभऱ्याला घाटे धरत होते. विहिरीजवळ कांद्याचे वाफे आणि त्यांच्या वरंब्यावर टोचलेला लसूण. मळ्यातल्या मावशींनी मुठीत धरून एकेक रोप उपटलं, माती झटकली, मुळ्या खुडल्या. "चारशे रुपये किलो झालाय म्हणं," त्या म्हणाल्या आणि पुढचं रोप उपटलं.

थंड मुलखातल्या काही लसणांना उन्हाळ्याच्या तोंडावर फुलाचा वळणदार दांडा येतो. तिथले शेतकरी तो मुद्दाम मोडतात, म्हणजे सगळा जोर गड्ड्याकडे जातो. त्या मोडलेल्या दांड्यांची हिरवी चटणी करतात. त्यांच्यासाठी ती वरकमाईच. आपल्या मैदानी लसणाला असा दांडा सहसा येत नाही. आपल्याकडे हिरवं म्हणजे पात. पात पुन्हा पुन्हा कापली तर गड्डा लहान राहतो आणि रोपच उपटलं तर गड्ड्याचा प्रश्नच मिटतो. मार्चमध्ये हाती येणारं पीक मावशी डिसेंबरात पाट्यावर ठेवत होत्या.

तव्यावर मिरच्या तेलाच्या थेंबावर डागल्या, शेंगदाणे खरपूस भाजले, एवढीच चुलीची कामं. लसूण मात्र कच्चा. थोडी पात तरी परतून घ्यावी का, असं विचारलं तर त्यांनी मान हलवली. "भाजली की मेली, ताई."

पाटा नुकताच टाकी लावून घेतलेला, बोट फिरवलं तर खरखर लागत होता. त्यावर खडे मीठ, मिठावर कोवळ्या पांढऱ्या कुड्या. तोवर लसणाचा वास फारसा नव्हता. होता तो ओल्या मातीचा. वरवंट्याचा पहिला रगडा बसला आणि नाकाला झणका आला, डोळे चुरचुरले. त्या एका क्षणासाठी मी त्यांना थांबवून दुसरं रोप पुन्हा पहिल्यापासून रगडायला लावलं. पुन्हा तसंच झालं.

त्याचं कारण रोपाच्या पेशींत आहे. लसणात अ‍ॅलिन नावाचा गंधहीन पदार्थ एकीकडे आणि अ‍ॅलिनेज हे विकर दुसरीकडे, असे वेगळे कोंडलेले असतात. पेशी चिरडली की दोघांची गाठ पडते आणि अ‍ॅलिसिन तयार होतं. ते 1944 साली कॅव्हॅलिटो आणि बेली या अमेरिकी संशोधकांनी वेगळं काढलं. विकर उष्णतेनं निकामी होतं, म्हणून आधी भाजलेला लसूण गोडसर, मवाळ लागतो. मावशींच्या "मेली" या शब्दात हे सगळं शास्त्र नेमकं बसतं.

कुड्यांनंतर मिरच्या, मग शेंगदाणे, थोडं जिरं. चिरलेली पात सगळ्यात शेवटी, आणि तिला मोजकेच रगडे. इथं त्यांचा हात बदलला. आधी खांद्यापासून जोर होता, आता नुसतं मनगट. पातीचे धागे दिसले पाहिजेत, रस सुटला पाहिजे, पण लगदा होता कामा नये. मिक्सरचं पातं हे ओळखत नाही; ते सगळ्याचं एकसारखं वाटण करतं. हॉटेलांत "गावरान ठेचा" म्हणून वाटीत येणारा हिरवा गोळा मला यापुढे ठेचा म्हणवणार नाही.

ज्वारीच्या गरम भाकरीवर ठेचा, ठेच्यात खळगा करून घाण्याचं करडईचं तेल. पहिल्या घासाला मिरचीआधी लसूणच लागतो, कोवळा आणि तिखट. तासाभरानं उरलेला चाखला तेव्हा ती धार बोथट झाली होती. हा ठेचा बाटलीत भरून शहरात नेता येणार नाही. तो मळ्यातच खावा लागतो.

मी वरंब्याकडे बोट दाखवून म्हटलं, "मावशी, हे मार्चपर्यंत ठेवलं असतं तर?"

"चारशे रुपये किलो, म्हाईत हाय मला," त्या म्हणाल्या. "आन् मार्चात चाळीसवर आला तर? आताच येळवसंला लेकरं रानात येतील. भज्जीत पात लागती, आंबिलीला लसूण लागतो."

येळवस म्हणजे वेळ अमावस्या; त्या दिवशी या भागातली घरंच्या घरं शेतात जेवतात. त्या जेवणासाठी निम्मा वरंबा राखलेला होता आणि उरलेला बाजारासाठी. भावाचा हिशोब त्यांना माझ्यापेक्षा चांगला येतो. पिकवणाऱ्यानं आधी खावं, मग विकावं, एवढंच त्यांनी त्या हिशोबात वर लिहिलंय, आणि मला तो हिशोब पटतो.