किरकोळ, रुपये पंचेचाळीस

"चाकूरवर एक पान लिहा" असं पुरवणीच्या संपादकांनी सांगितलं, मी हो म्हटलं आणि मग चार दिवस नुसतीच बसून राहिले. चाकूरचं लिहायचं काय? शिवराज पाटील चाकूरकरांमुळं गावाचं नाव दिल्लीपर्यंत पोचलं. सीमा सुरक्षा दलाचं प्रशिक्षण केंद्र आलं. सत्यसाईबाबांचं मंदिर आहे, तालुक्यातच वडवळ नागनाथचं औषधी वनस्पतींचं बेट आहे. हे सगळं वाचकांनी दहादा वाचलंय. खरं सांगायचं तर आम्हा चाकूरच्या बायकांचं एक जिव्हाळ्याचं ठिकाण चाकूरमध्ये नाहीच. ते तिथून एसटीनं तासाभरावर, लातूरच्या गंजगोलाईत आहे. म्हणून हा स्थळपरिचय चाकूरच्या बसस्टँडवरून निघतो आणि गोलाईतल्या एका बोळात जाऊन थांबतो. संपादकांनी चालवून घ्यावं.

गोलाईचा इतिहास लातूरकरांना तोंडपाठ आहे. इतरांसाठी थोडक्यात: मुलूख निजामाचा, आखणी फैयाजुद्दीन या नगररचनाकाराची, मधली दुमजली गोल इमारत 1917 सालची, तिच्या पोटात जगदंबेचं देऊळ आणि चहूबाजूंनी येऊन मिळणारे सोळा रस्ते. रस्ता बदलला की बाजार बदलतो. कापड लाईन, सराफ लाईन, भुसार लाईन, कुठं चपला, कुठं मिरची, कुठं गूळ. लहानपणी मला वाटायचं, सोळा रस्ते केले ते पोरं हरवावीत म्हणूनच.

आम्ही गोलाईला जायचो ते बस्त्याला. मराठवाड्यात लग्न ठरलं की आधी बस्ता. 1984 साली माझ्या आतेबहिणीच्या बस्त्याला मी गेले होते, नऊ वर्षांची होते. दोन्हीकडची मिळून सोळा-सतरा माणसं, कापड लाईनीतल्या दुकानाच्या पांढऱ्या गादीवर मांडी ठोकून बसलेली. दुकानदार चहा पाजतोय, गठ्ठे सोडतोय, काका मांडीवर डायरी घेऊन यादी करताहेत. नवरीचा शालू, विहिणीचं पातळ, आत्याचं, मामीचं, आजीचं नऊवारी, धोतरजोड्या, टॉवेल-टोपी. कुणाच्या पातळाला किती रुपये, यावरून दोन वेळा आवाज चढले. नवरीच्या अंगावर काय काय येणार याचा हिशेब सतरा माणसांनी मिळून केला. शालूच्या आत काय, हे मात्र त्या यादीत नव्हतं.

ते काम आत्याचं. यादी संपत आली तशी आत्या उठली आणि नवरीचा दंड धरून म्हणाली, "चल, बांगड्या बघून येऊ." मीही मागं लागले. दोन वळणं घेऊन आम्ही एका बोळात शिरलो. कासाराचं दुकान होतं. बांगड्या भरून झाल्या, मग आत्यानं इकडंतिकडं बघितलं आणि आवाज खाली आणून विचारलं, "बॉडी हाय का?" ब्रा हा शब्द आमच्याकडं नंतर आला. तेव्हा ती बॉडी होती, आणि दुकानावर पाटी असलीच तर 'होजिअरी'. कासारीणबाईनं बांगड्यांच्या खोक्यांमागून एक पुठ्ठ्याचा डबा काढला. पांढऱ्या सुती, टोकाकडं गोल गोल शिलाई घातलेल्या. बहिणीकडं एकदा वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाली, "चौतीस." आत्या म्हणाली, "छत्तीसच द्या, लग्नानंतर भरंल की." वर्तमानपत्रात गुंडाळून, सुतळी बांधून पुडकं पिशवीच्या तळाशी गेलं, वर बांगड्या. परत आल्यावर काकांनी मान वर न करता विचारलं, "किती झाले?" आत्यानं आकडा सांगितला. डायरीत शेवटची ओळ पडली: किरकोळ, रुपये पंचेचाळीस.

ही वस्तू कासाराकडंच का मिळायची, हे कळायला मला पुढं पुष्कळ वर्षं लागली. त्या काळी मनगट परक्याच्या हातात द्यायची बाईला सवय होती ती फक्त तिथं. दुकानात बायकाच बसलेल्या असत, आणि कासारीण हात दाबून, न मोजता सांगायची, सव्वादोन की अडीच. जिला मनगटाचं माप नजरेनं कळतं, तिला बाकीचं का कळणार नाही? कापड दुकानदारापुढं जे तोंडातून निघालं नसतं ते तिथं निघायचं. पुढं या बोळांतल्या कासारांची 'कटलरी अँड जनरल स्टोअर्स' झाली, मग लेडीज शॉपी, आणि बांगड्या मागच्या फळीवर गेल्या.

आमच्या आजीला मात्र बॉडी ठाऊक नव्हती. ती खणाची चोळी घालायची, पुढं गाठ मारलेली, अंगाबरोबर शिवलेली. गुळेदगुड्डचा खण घट्ट विणीचा असतो. आधार द्यायचं काम ती चोळी आणि ती गाठच करत असे. मधे झंपर आला, पातळ कापडाचा, पुढं हुकांचा, आणि आत काहीतरी लागायला लागलं. गंमत अशी, की गोलाई उभी राहायच्या जेमतेम तीन वर्षं आधी, नोव्हेंबर 1914 मध्ये, न्यूयॉर्कच्या मेरी फेल्प्स जेकब या बाईनं दोन रुमाल आणि फीत जोडून केलेल्या ब्रेसियरचं पेटंट घेतलं होतं. तिथून आमच्या आत्याच्या पिशवीपर्यंत यायला त्या वस्तूला सत्तर वर्षं लागली.

परवा गेले तेव्हा बोळ ओळखू आला नाही. दोन्ही बाजूंनी मोबाईलच्या कव्हरची दुकानं, वर तारांचं जाळं, खाली दुचाक्या. गोल इमारतीची गोलाई आता पाट्यांमागं लपली आहे. देवळात जायला वाट सापडली, हेच नशीब. शंभरी ओलांडलेल्या वास्तूचं हे असं का, हे विचारायची सोय नाही. विचारलं तर दरवेळी 'सुशोभीकरणाचा आराखडा' ऐकायला मिळतो. पण एका दुकानाच्या दाराशी ओळखीची बांगड्यांची फळी दिसली आणि मी आत शिरले.

गल्ल्यावरच्या मावशी साठी ओलांडलेल्या. सासू बांगड्या भरायची, यांनी निम्मं दुकान अंतर्वस्त्रांचं केलं. नाव छापू नका म्हणाल्या, "नातसून शाळेत मास्तरीण हाय, पोरं चिडवत्याल." समोर कॉलेजातली मुलगी आणि तिची आई उभी होती. आई कुजबुजत होती, मुलगी सरळ नंबर सांगत होती. मावशींनी दोघींचंही ऐकलं नाही.

"टेप मी शेवटाला काढते," त्या मला म्हणाल्या. "आधी खांदा बघायचा. खांद्यावर वळ खोल असला की वळखायचं, बाईनं पट्टी आवळलीय, मंजी खालचा बेल्ट ढिला हाय. भार बेल्टानं उचलायचा असतो, खांद्यानं न्हाई. निम्म्या बायका खांदे दुखतेत म्हणून गोळ्या खायलेत." मग टेप. छातीच्या खालून घेतलेलं माप सम आलं तर चार मिळवायचे, विषम आलं तर पाच. खालचं एकोणतीस आलं तर नंबर चौतीस. वरचं माप छत्तीस भरलं तर फरक दोन इंचांचा, म्हणजे कप बी. एक इंच ए, तीन इंच सी. चौतीस बी संपली असेल तर बत्तीस सी चालते, पण "कप मोठा लागतोय म्हणून कुणी बाईला नुसतीच अडतीस देत असंल, तर तो फसवायलाय." आणि नवी घेताना ती शेवटच्या, सैल हुकावर नीट बसली पाहिजे. धुऊन धुऊन इलॅस्टिक ढिलं पडतं, तसतसं एकेक हुक आत यायचं. पहिल्याच दिवशी आतल्या हुकावर बसली तर ती मोठी झाली. आत्याचा 'भरंल की' सिद्धान्त मी त्यांना सांगितला. त्या हसल्या. "समद्या आत्या सारख्याच. लेकराला बूट घेत्यात तशी बॉडी घेत्यात."

मागं जुन्या साडीचा पडदा लावलेला आडोसा आहे, तिथं मलाही मोजलं गेलं. वीस वर्षं मी छत्तीस बी वापरत होते. निघाले चौतीस सी. मी जरा संकोचले तर बाहेरून आवाज आला, "का लाजायलीस? चोरी करायलीस का?"

एक गोष्ट त्यांनी आपणहून दाखवली नाही, फळीवर दिसली म्हणून मी विचारलं. साध्या सुती ब्रा, आतून एका बाजूला खिसा शिवलेला. शेजारी कापडी उशीसारख्या छोट्या गोल पिशव्या. कॅन्सरच्या ऑपरेशनमध्ये एक बाजू गेलेल्या बायका येतात, त्यांच्यासाठी. पिशवीत कापूस, आणि त्यात थोडी मोहरी. नुसता कापूस हलका होतो, ब्रा त्या बाजूनं वर सरकते, बाई एका अंगाला कलून चालायला लागते. मोहरीनं वजन येतं. दोन्ही बाजू तोलून बघायला त्यांच्याकडं सोन्याचा काटा नाही, दोन तळवे आहेत. शिवायचे पैसे त्या घेत नाहीत, ब्राचे तेवढे घेतात.

बाजार बदललाय, त्याबद्दल मला फार तक्रार नाही. 2013 मध्ये मुंबई महापालिकेत दुकानांबाहेरच्या अंतर्वस्त्रं घातलेल्या पुतळ्यांवर बंदीचा ठराव आला, तेव्हा राज्यभर हसू आणि हमरीतुमरी दोन्ही झालं. आज या बोळात असे चार पुतळे निवांत उभे आहेत आणि त्यांच्या शेजारी भाजीची पिशवी ठेवून बायका भाव करताहेत. कुणी वळूनही बघत नाही. चाकूरलाही आता ही दुकानं झाली. मी एका ठिकाणी मुद्दाम सी कप मागितला, तर पोरगा म्हणाला, "मॅडम, फ्री साईज आहे." मोबाईलवर मागवणाऱ्या भाच्या तीन मागवतात, दोन परत पाठवतात. कुजबूज गेली, फार चांगलं झालं. तिच्याबरोबर मोजणारी नजरही चाललीय, हे मात्र मला खुपतं. मावशींच्या सुनेला या धंद्यात रस नाही, ती शेजारच्या गाळ्यात कुर्त्या विकते.

जायचं असेल तर बस्त्याचे दिवस टाळून जा. सध्या वापरात असलेली एक घालून जा, मावशी आधी तीच बघतात. दुपारी दोन ते चार त्या जेवायला घरी असतात, तेव्हा गल्ल्यावर नातू बसतो. तो फक्त बांगड्या विकतो.