गाणं परत गल्लीत आलं

मैत्रिणींनो, ‘पब’ हा शब्द ऐकला की आपल्या कपाळाला आधी आठी पडते. माझ्या तर दोन पडतात, कारण ‘आडवी बाटली’च्या मतदानासाठी भर उन्हात घरोघर फिरलेली बाई मी! पण आज जी गोष्ट सांगायला बसलेय ती घडली पबमध्येच. लंडनच्या पबमध्ये, १९७१ नंतरच्या पाच-सहा वर्षांत. गोष्ट गाण्याची आहे. त्या गाण्याला पुढे नाव पडलं ‘पब रॉक’.

इंग्लंडातला पब आपल्याकडच्या गुत्त्यापेक्षा बराच वेगळा. ‘पब्लिक हाऊस’चं ते छोटं नाव. संध्याकाळी कामावरून सुटलेली माणसं तिथे टेकतात, गप्पा मारतात. आपला पारच म्हणा ना, फक्त हातात चहाऐवजी बीअर. आता पारावर बायकांना किती जागा असते ते तुम्हाला ठाऊकच आहे. तिथेही फार वेगळं नव्हतं. लंडनच्या फ्लीट स्ट्रीटवर वकील-पत्रकारांचा अड्डा असलेला ‘एल विनो’ नावाचा बार. तिथे काउंटरशी उभ्या राहिलेल्या बाईला पेय देत नसत, टेबलाशी जाऊन बसा म्हणत. टेस गिल ही वकील आणि ॲना कूट ही पत्रकार, दोघी कोर्टात गेल्या आणि १९८२ मध्ये जिंकल्या. आपल्याला हसू येईल, बारमध्ये उभं राहण्यासाठी कोर्टकचेरी! पण जिथे चार महत्त्वाची माणसं बोलत उभी असतात, तिथे बाईनं उभं राहायचं की नाही, असा तो प्रश्न होता. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढे बरीचशी नावं पुरुषांचीच येणार आहेत.

साठच्या दशकात बीटल्स लिव्हरपूलच्या एका तळघरात वाजवत वाजवत मोठे झाले. नंतरच्या दहा वर्षांत मात्र रॉक संगीताचा थाट पार बदलला. मोठमोठी सभागृहं, ट्रक भरून सामान, दिव्यांचा झगमगाट, एकेकाचं संपता न संपणारं वादन. ऐकणारा आपला लांब अंधारात. (आपल्या पाचगणीच्या शाळेत शिकलेला फ्रेडी मर्क्युरी आणि त्याचा ‘क्वीन’ ग्रुप याच थाटाचा. मला तो आवडतो, ते वेगळं.)

या थाटाच्या नादात एका ग्रुपची चांगलीच फजिती झाली. ग्रुपचं नाव ब्रिन्स्ली श्वार्झ. एप्रिल १९७० मध्ये त्यांच्या मॅनेजरनं, डेव्ह रॉबिन्सननं, इंग्लंडचे पत्रकार विमानात भरून थेट न्यूयॉर्कला नेले, यांचं गाणं ऐकवायला. विमानाला उशीर, कलाकारांच्या व्हिसाची भानगड, तालीम धड नाही. पत्रकारांनी यथेच्छ झोडपलं. मांडव गावभर घातला आणि पंगतीला भातच कमी पडला, अशी गत.

पुढे ‘एग्ज ओव्हर इझी’ असं नाश्त्याच्या पदार्थाचं नाव घेतलेला एक अमेरिकन ग्रुप रेकॉर्ड करायला लंडनला आला आणि काम रेंगाळल्यामुळे तिथेच अडकून पडला. केंटिश टाऊन भागात ‘टॅली हो’ नावाचा पब होता, तिथे फक्त जॅझ वाजायचं. यांनी मालकाला गळ घातली आणि मे १९७१ मध्ये वाजवायला सुरुवात केली. ना मोठं व्यासपीठ, ना दिवे. साधी, ठेका धरायला लावणारी गाणी, आणि ऐकणारा हाताच्या अंतरावर. गर्दी वाढत गेली. त्या गर्दीत ब्रिन्स्ली श्वार्झचा निक लो होता, डेव्ह रॉबिन्सनही होता. विमानातून पत्रकार नेणाऱ्या माणसाला आता कळलं की गाणं असंही करता येतं. मग तेही पबमध्ये वाजवू लागले. इस्लिंग्टनमधल्या ‘होप अँड अँकर’चं तळघर म्हणजे तर या गाण्याचं माहेरच झालं.

यातला व्यवहार बघा. एरवी रिकामी राहणारी खोली भरली, पबमालकाची विक्री वाढली. वाजवणाऱ्यांना थोडेफार पैसे मिळाले आणि कोणत्याही मोठ्या कंपनीच्या दारात न जाता रोज माणसांसमोर उभं राहायला मिळालं. आपल्या भजनी मंडळातल्या बायकांना विचारा, समोर ऐकणारी माणसं असणं म्हणजे काय ते.

या सगळ्यांत माझा जीव जडला तो ‘डॉ. फीलगुड’ या ग्रुपवर. ही मुलं टेम्स नदीच्या मुखाजवळच्या कॅन्व्ही बेटावरची. बेट समुद्रसपाटीपेक्षा खाली, तेलाच्या टाक्यांनी वेढलेलं. १९५३ च्या पुरात तिथे पन्नासहून अधिक माणसं गेली. ग्रुपचा गिटारवाला विल्को जॉन्सन हा कॉलेजात इंग्रजी साहित्य शिकलेला, पदवी मिळाल्यावर रस्त्यानं प्रवास करत आपल्या भारतापर्यंत येऊन गेलेला आणि नंतर चक्क शाळेत मास्तरकी केलेला! रंगमंचावर मात्र डोळे वटारून, चावी दिलेल्या खेळण्यासारखा मागेपुढे धावायचा. गायक ली ब्रिलो मळक्या पांढऱ्या कोटात घामाघूम. यांचा प्रत्यक्ष कार्यक्रमात रेकॉर्ड केलेला ‘स्टुपिडिटी’ हा अल्बम १९७६ मध्ये इंग्लंडात पहिल्या क्रमांकावर गेला. विल्कोला २०१३ मध्ये कॅन्सर निघाला, थोडेच महिने उरलेत असं सांगितलं गेलं. त्यानं केमोथेरपी नाकारली आणि निरोपाचे कार्यक्रम करायला निघाला. पुढे दुसऱ्या डॉक्टरांनी ऑपरेशन केलं, तीन किलोची गाठ काढली आणि हा बरा झाला! २०२२ पर्यंत जगला. (उपचार नाकारायचा सल्ला यातून कुणी घेऊ नका गं. तो वाचला तो ऑपरेशनमुळे.)

याच ली ब्रिलोनं १९७६ मध्ये चारशे पौंड उसने दिले. कुणाला? तर डेव्ह रॉबिन्सन आणि जेक रिव्हिएरा यांना, स्वतःची छोटी रेकॉर्ड कंपनी काढायला. नाव ‘स्टिफ’. पहिली रेकॉर्ड निक लोची, खर्च पंचेचाळीस पौंड. आपल्या बचत गटाचं पहिलं कर्ज आठवतंय ना? तसंच. त्याच वर्षी ‘द डॅम्ड’ या ग्रुपची रेकॉर्ड याच कंपनीनं काढली, ती ब्रिटनमधली पहिली पंक रेकॉर्ड मानली जाते. पंकचा गाजलेला गायक जो स्ट्रमर हाही आधी पबमध्येच गायचा. एल्व्हिस कॉस्टेलो तेव्हा एलिझाबेथ आर्डन या लिपस्टिक-पावडरच्या कंपनीत कॉम्प्युटरवर बसायचा, घरी बायको आणि मूल. त्यालाही स्टिफनंच उभं केलं. बायकाही इथूनच पुढे आल्या. १९७९ मध्ये स्टिफनं लीन लोविच आणि कर्स्टी मॅकॉल यांची गाणी काढली. अमेरिकेतून आलेली क्रिसी हाइंड स्वतः लिहिणारी, गिटार वाजवणारी. तिच्या ‘प्रिटेंडर्स’ या ग्रुपची पहिली रेकॉर्ड निक लोनं करून दिली, आणि जानेवारी १९८० मध्ये हा ग्रुप दुसऱ्या एका गाण्यानं पहिल्या क्रमांकावर होता.

आणि आता इयन ड्यूरी. खरं तर याच्यासाठीच हा लेख लिहायला घेतला.

१९४९ मध्ये सातव्या वर्षी त्याला पोलिओ झाला. डावा हात, डावा पाय वाळला. पायाला लोखंडी पट्ट्या. चित्रकला शिकला, चित्रकलेचा मास्तर झाला आणि तिशीच्या उंबरठ्यावर त्यानं ‘किलबर्न अँड द हाय रोड्स’ हा ग्रुप काढला. त्यातला गयानाहून आलेला ड्रमवादक कुबड्या घेऊन चालायचा. असा ग्रुप झगमगाटी रंगमंचावर कोण उभा करणार? पबनं केला. माइकच्या दांड्याला धरून ड्यूरी गायचा, लंडनच्या गल्लीतल्या रांगड्या बोलीत. १९७७ मध्ये स्टिफनं त्याचा अल्बम काढला, तेव्हा तो पस्तिशीचा होता. जानेवारी १९७९ मध्ये त्याचं गाणं पहिल्या क्रमांकावर.

माझ्या वर्गात एक मुलगी होती, पायात कॅलिपर असलेली. आवाज असा की अंगावर काटा यावा. गॅदरिंगला बाईंनी तिला पडद्यामागून गायला लावलं, आणि पुढे एक गोरी, देखणी मुलगी ओठ हलवत उभी. टाळ्या तिला. आम्हा कुणालाच त्यात वावगं वाटलं नाही.

१९८१ हे संयुक्त राष्ट्रसंघानं अपंग वर्ष म्हणून जाहीर केलं. ड्यूरीला ते दया दाखवणं वाटलं, आणि त्यानं ‘स्पॅस्टिकस ऑटिस्टिकस’ नावाचं गाणं केलं. ‘स्पॅस्टिक’ ही तिथली शिवी, आपल्याकडे ‘पांगळ्या’ म्हणून हिणवतात तशी. तीच शिवी त्यानं स्वतःच्या तोंडानं ठणकावून गायली. बीबीसीनं गाणं वाजवायचं टाळलं.

पुढे कॅन्सर झालेला असताना तो युनिसेफतर्फे पोलिओ लसीकरणासाठी झांबियाला, श्रीलंकेला गेला. २७ मार्च २००० ला वारला. बरोबर चौदा वर्षांनी, २७ मार्च २०१४ ला, भारत पोलिओमुक्त असल्याचं प्रमाणपत्र मिळालं. तारखा जुळल्या त्या योगायोगानं. पण रविवारी सकाळी सातला पल्स पोलिओच्या बूथवर बसून बाळांच्या करंगळीला शाई लावलेल्या माझ्यासारखीला तो विसरता येत नाही.

आणि ते बीबीसीनं टाळलेलं गाणं? २९ ऑगस्ट २०१२ ला लंडनच्या पॅरालिम्पिकच्या उद्घाटनात ते भर स्टेडियममध्ये गायलं गेलं. सादर करणारे कलाकार अपंग आणि कर्णबधिर. त्या सोहळ्याच्या दोन दिग्दर्शकांपैकी एक होती जेनी सीली. तिला स्वतःला ऐकू येत नाही.

ऐकून बघायचं असेल तर मोबाइलवर सगळं मिळतं. सुरुवात डॉ. फीलगुडपासून करा, दुपारी घर रिकामं असताना, आवाज जरा मोठा ठेवून. भांडी लवकर घासून होतात.