संशोधनाचा प्रश्न मध्येच बदलला तर?

पीएचडीला नाव घालायच्या आधी एक माहितीपट बघाच: 'जय भीम कॉम्रेड'. सायन्सवालीनं हे का सुचवावं? कारण 'डेटा कधी पुरेसा होतो?' याचं याहून चांगलं उदाहरण मला मिळालेलं नाही.

आनंद पटवर्धन हे मुंबईचे स्वतंत्र माहितीपटकार. १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये त्यांनी झोपडपट्ट्या पाडल्या जाताना काय होतं ते दाखवलं. त्यात शाहीर विलास घोगरे गायले होते. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला, १० जण गेले. त्यानंतर काही दिवसांतच घोगरेंनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी चित्रीकरण सुरू केलं. माहितीपट आला २०११ मध्ये. तब्बल १४ वर्षांनी!

एवढी वर्षं का? एक तर गोळीबाराचा आदेश देणारा पोलीस अधिकारी दोषी ठरायला २००९ उजाडलं. दुसरं म्हणजे, प्रश्नच मोठा होत गेला. घोगरे डाव्या चळवळीचे शाहीर, पण जाताना त्यांनी डोक्याला निळं कापड बांधलं होतं. का? हे शोधताना माहितीपट एका घटनेवरून वर्ग आणि जात यांच्या नात्यापर्यंत, दलित शाहिरीपर्यंत गेला. म्हणजे नवा प्रश्न पुराव्यातून आला, लहर म्हणून नाही. हा फरक लक्षात ठेवा.

आता माझं सांगते. शिरोली एमआयडीसीतल्या फौंड्र्यांच्या टाकाऊ वाळूतून जमिनीत कोणते धातू उतरतात, हा माझा विषय. दुसऱ्या वर्षी नमुने भरताना एक कामगार काका म्हणाले, "पोरी, मातीचं कळलं. आमच्या छातीत जातंय त्याचं काय गं?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. वाळूत सिलिका असते, तिची बारीक धूळ फुफ्फुसं निकामी करू शकते, हे पुस्तकातून माहीत होतं. पण मी हवा मोजलीच नव्हती. सगळा विषय बदलणं शक्य नव्हतं. मग प्रबंधाच्या मर्यादांमध्ये ते स्पष्ट लिहिलं, आणि काकांना जाऊन तसंच सांगितलं. ते गप्प झाले. ती शांतता अजून आठवते.

तेव्हा सिनॉप्सिस लिहिताना एक पान कोरं ठेवा. ज्यांच्याकडून नमुने घेता, त्यांचे प्रश्न त्यावर पहिल्या दिवसापासून लिहा. माझं ते पान दोन वर्षं उशिरा सुरू झालं.