उमेदवारीचा खर्च कोणाच्या खात्यावर?

चित्रपटाच्या श्रेयनामावलीत सहाय्यक दिग्दर्शकांची नावे सरकू लागतात तेव्हा प्रेक्षक बहुधा आपली खुर्ची शोधत असतो. या नावांपैकी कोणते पुढे ठळक अक्षरांत झळकणार हे केवळ गुणवत्तेवर ठरते, असा आपला भाबडा समज आहे. गुणवत्ता हवीच, परंतु ती सिद्ध होईपर्यंतची वर्षे कोणाच्या पैशावर काढायची, हा प्रश्न तिच्याही आधीचा आहे.

या दृष्टीने गुरुदत्त यांची वाटचाल तपासण्याजोगी आहे. अल्मोड्यास उदय शंकर यांच्या केंद्रात नृत्य शिकलेला हा तरुण १९४४ साली, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, पुण्याच्या प्रभात कंपनीत तीन वर्षांच्या करारावर दाखल झाला. व्ही. शांताराम तोवर प्रभात सोडून गेले होते, कंपनीचे वैभव उतरणीला लागले होते. तरीही नोकरी ती नोकरी. विश्राम बेडेकर यांच्या ‘लाखारानी’त (१९४५) साहाय्य आणि एक लहानशी भूमिका, संतोषींच्या ‘हम एक हैं’मध्ये (१९४६) साहाय्य आणि नृत्यदिग्दर्शन, अशी पडेल ती कामे त्याने केली. ही रीत जुनीच होती. खुद्द शांताराम कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत असेच पडेल ते काम करीत वर आले आणि १९२७ साली ‘नेताजी पालकर’च्या दिग्दर्शनापर्यंत पोहोचले.

स्टुडिओचे मालक हा खर्च औदार्याने सोसत होते, असे मात्र नव्हे. शिकून तयार झालेला माणूस आपल्याच कंपनीत राहील, हा त्यामागील हिशेब होता. युद्धोत्तर काळात पगारी स्टुडिओ मोडकळीस आले, प्रत्येक चित्रपटासाठी माणसे नव्याने जमवली जाऊ लागली, आणि हा हिशेब कोलमडला. एकाने पेरावे आणि दुसऱ्याने कापून न्यावे अशी स्थिती असता पेरण्याची हौस कोणाला असणार?

करार संपल्यावर गुरुदत्तांना याचा अनुभव आला. जवळजवळ वर्षभर हाताला काम नव्हते. त्या रिकाम्या दिवसांत त्यांनी लिहिलेल्या कथेवर पुढे ‘प्यासा’ (१९५७) उभा राहिला, हे कौतुकाने सांगितले जाते. त्या वर्षभराचे जेवण माटुंग्याच्या घराने घातले, हे सांगायचे राहून जाते. मग अमिय चक्रवर्ती आणि ज्ञान मुखर्जी यांच्याकडे पुन्हा साहाय्यकी. अखेर १९५१ साली ‘बाजी’ मिळाला, तोही प्रभातमधील मित्र देव आनंद याच्या नवकेतनकडून. आपण निर्माता झालो तर दिग्दर्शन तुझे, असा शब्द या मित्राने पुण्यातच दिला होता. म्हणजे पगार बंद झाल्यावरही संधी आली ती स्टुडिओच्याच अंगणातून. गुरुदत्तांनी हे ऋण पुढच्या पिढीला फेडले. त्यांचे साहाय्यक राज खोसला यांच्या हाती त्यांनी ‘सीआयडी’ (१९५६) सोपवला. खोसलांकडे पुढे महेश भट्ट यांनी उमेदवारी केली.

प्रभातच्याच जागेत १९६० साली शासनाने फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केली. शिक्षणाचा भार काही अंशी सरकारी तिजोरीने उचलला, हे निश्चितच स्वागतार्ह होते. मात्र तेथील जागा मोजक्याच. उरलेल्यांचा मार्ग आजही चित्रीकरणाच्या जागेवरूनच जातो. मागील दृश्यात नायकाच्या सदऱ्याची कोणती गुंडी उघडी होती याची नोंद ठेवायची, नटांना वेळेवर उभे करायचे, गर्दी आवरायची. मोबदला बहुधा त्या चित्रपटापुरता. एक संपून दुसरा मिळेपर्यंतचे महिने ज्याचे त्याने निभवायचे.

ज्याचे घर मुंबईत आहे किंवा ज्याच्या घरून पैसे येऊ शकतात, तो हे महिने तग धरतो. परभणीच्या कारकुनाचा मुलगा दुसऱ्या-तिसऱ्या खंडातच मिळेल ती नोकरी धरतो. त्याच्या अंगी दिग्दर्शन होते की नव्हते, हे कोणीही तपासलेले नसते. चित्रपटाच्या अंदाजपत्रकात नायकाच्या सरबराईची स्वतंत्र तरतूद असू शकते, तर सहाय्यकाला लेखी करार आणि दोन चित्रपटांमधील काही महिन्यांचे निर्वाहवेतन मिळावे, यासाठी निर्मात्यांच्या संघटनांनी सामायिक निधी उभारण्यास कोणती अडचण आहे?