क्रिस्टल लेकचे भय आणि आपली शिबिरे

उन्हाळ्याची सुट्टी जवळ आली की सिन्नर-नाशिक परिसरात शिबिरांच्या जाहिराती दिसू लागतात. भंडारदऱ्याच्या काठी तंबूतला मुक्काम, कळसूबाईची चढाई, नाहीतर सिन्नर-अकोल्याच्या सीमेवरील विश्रामगडाची सहल. संमतीपत्रावर सही करताना पालकांच्या मनात जी धाकधूक असते, तिच्याच आधारे हॉलिवूडने भयपटांचा एक प्रकार उभा केला. त्यातला सर्वाधिक गाजलेला चित्रपट म्हणजे १९८० सालचा 'फ्रायडे द थर्टीन्थ'.

'हॅलोविन' (१९७८) या अल्पखर्ची भयपटाचे यश पाहून निर्माता-दिग्दर्शक शॉन कनिंगहॅम यांनी पटकथा तयार होण्यापूर्वीच आपल्या चित्रपटाची जाहिरात छापून टाकली होती! चित्रीकरण न्यू जर्सीतील बालवीरांच्या, म्हणजे स्काऊटांच्या, एका खऱ्याखुऱ्या शिबिरस्थळी झाले. कथा तशी साधीच आहे. वर्षानुवर्षे बंद पडलेले क्रिस्टल लेक येथील शिबिर पुन्हा सुरू करण्यासाठी काही तरुण-तरुणी तेथे येतात. गावकरी त्यांना परत जाण्यास सांगतात, पण ते ऐकत नाहीत. मग पावसाळी रात्री एकेकाचा बळी जातो.

हॉकीचा मुखवटा घातलेला जेसन हा या चित्रपटाचा खुनी, असा अनेकांचा समज असतो. प्रत्यक्षात पहिल्या भागात खुनी असते ती त्याची आई. जेसन खुनी म्हणून अवतरतो तो १९८१ च्या दुसऱ्या भागात आणि मुखवटा येतो १९८२ च्या तिसऱ्या भागात. ही आई एकेकाळी त्याच शिबिरात स्वयंपाकीण होती. १९५७ साली तिचा मुलगा तलावात बुडाला, असे कथेत सांगितले आहे. ज्यांच्यावर मुलांकडे लक्ष ठेवण्याची जबाबदारी होती, ते त्या वेळी प्रणयात दंग होते. म्हणजे रक्तपाताच्या मुळाशी भूतही नाही आणि श्वापदही नाही. पाण्यावर कोणाचेच लक्ष नव्हते, एवढीच ती गोष्ट आहे. चित्रपट म्हणून तो फारसा थोर नाही, हेही सांगितले पाहिजे. पात्रे पुसट आहेत आणि संवाद बेतास बात. टॉम सॅव्हिनी यांची रंगभूषा व हॅरी मॅनफ्रेडिनी यांचे कुजबुजणारे पार्श्वसंगीत मात्र अजूनही अंगावर काटा आणते.

मराठीत असा शिबिरपट रुजला नाही. मुलांना आठवडेच्या आठवडे रानातल्या शिबिरात ठेवण्याची अमेरिकी रीत आपल्याकडे नाही. आपल्या दिग्दर्शकांना रान सापडले ते उसात. विशाल फुरिया यांच्या 'लपाछपी'त (२०१७) पूजा सावंत यांनी साकारलेली गर्भवती नायिका उसाच्या फडांनी वेढलेल्या घरात अडकते. डोक्यावरून जाणारा ऊस, दिशा चुकवणाऱ्या वाटा आणि त्यामागे दडलेले स्त्रीभ्रूणहत्येचे पाप. याच कथेवरून २०२१ साली हिंदीत 'छोरी' आला. येथेही भयाचे मूळ थोरांच्या अपराधातच आहे.

सिन्नरकरांना उसातले भय पडद्यावर पाहण्याची गरज नाही म्हणा. शेजारच्या अकोले तालुक्यात बिबटे शेतशिवारातच नांदतात, असे विद्या अत्रेय व सहकाऱ्यांच्या २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. फेब्रुवारी २०२३ मध्ये सिन्नर तालुक्यात मांजराचा पाठलाग करणारा बिबट्या त्या मांजरासह विहिरीत पडला होता. जीव वाचवण्यासाठी ते मांजर बिबट्याच्याच अंगावर चढू पाहत होते!

तथापि शिबिराला निघालेल्या मुलाच्या बाबतीत पहिला प्रश्न बिबट्याचा नसतो. तो क्रिस्टल लेकचाच असतो. मुले पाण्याजवळ असताना काठावर कोण उभे आहे? त्याला पोहता येते का? किती मुलांमागे एक प्रशिक्षक आहे आणि रात्री जागे कोण राहणार? राज्य शासनाने २०२१ साली साहसी पर्यटनाचे धोरण जाहीर केले. त्यानुसार आयोजकांनी पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी करणे अपेक्षित आहे. हे नोंदणीपत्र पालकांनी मागितल्यास त्यात संकोच वाटण्याचे कारण नाही. संमतीपत्राच्या शेवटी बारीक अक्षरांत 'अपघात झाल्यास आयोजक जबाबदार नाहीत' असे वाक्य असेल, तर सही करण्यापूर्वी ते दोनदा वाचावे आणि आयोजकांना त्याचा अर्थ विचारावा.